दुसऱ्याच्या कुलपाला तेल

मित्रांनो, मी नारायण पेठेतले एक जुने पितळी कुलूप आहे. जन्म अलिगढचा, खरेदी बोहरी आळीतली. माझ्याकडून गोड बोलण्याची अपेक्षा ठेवू नका. माणसांचा एकमेकांवर विश्वास असता, तर मी जन्मालाच आले नसते.

यमुनाबाईंनी मला लावले ते शिलाई मशिन दुरुस्तीच्या दुकानाला. दुकान त्यांच्या वडिलांचे, अण्णांचे. अण्णा गेल्यावर थोरले भाऊ महिपती म्हणाले, दुकान माझे. यमुनाबाई म्हणाल्या, निम्मे माझे. खालच्या कोर्टात भाऊ जिंकले, बहिणीने अपील केले. तोवर 'जैसे थे'! म्हणून दाराला दोन कुलपे, एक महिपतींचे आणि एक मी. एकट्याला दार उघडायची सोयच नाही.

मग सुरू झाला पहारा. महिपती येता-जाता मला हिसका देऊन बघत. यमुनाबाई त्यांच्या वरताण. कुणी किल्ली घातलीच तर कळावे म्हणून त्या माझ्या भोकावर मेणाचा ठिपका लावून जात. कौतुक सोडा, माझ्यावरून कुणी साधे फडकेसुद्धा फिरवले नाही. मला फार वाईट वाटे.

शेवटी यमुनाबाईंच्या वकील श्रद्धाताईंनी दारातच त्यांना सुनावले, "अहो, निकाल उलटा गेला तर निम्मंही हातचं जाईल. त्यापेक्षा तडजोड करा. पुढचा भाग तुमचा, मागचा दादांचा." यमुनाबाईंना तिथे शिवणाचा वर्ग काढायचा होता. त्या कशाबशा तयार झाल्या. दसरा झाला, की दोघांनी मिळून दार उघडायचे, आतला माल पाहायचा आणि मग सह्या करायच्या, असे ठरले.

खंडेनवमीला सकाळी महिपती तेलाची बुधली घेऊन आले. आधी त्यांनी स्वतःचे कुलूप पुसून त्याला तेल दिले. मग माझ्याकडे वळले आणि मेण खरवडून काढले! मी मनात म्हटले, आता निघणार खिशातून बनावट किल्ली. पण त्यांनी मला तेल दिले, वर झेंडूचे फूल ठेवले आणि निघून गेले. फूल वाऱ्याने उडाले. मी मात्र सावधच राहिले.

ठरल्या दिवशी यमुनाबाईंनी मला हातात घेतले आणि त्यांचा चेहराच बदलला.

"मेण कुठं गेलं? आणि हे तेल? आत जाऊन आलास वाटतं! सह्या नाहीत, काही नाही. अपील चालू राहू दे."

"खंडेनवमी होती, यमू," महिपती म्हणाले. "त्या दिवशी दुकानाची कुलपं कोरडी ठेवायची नाहीत, ही अण्णांची शिस्त."

"वैऱ्याच्या कुलपालासुद्धा?"

"दुकानाला लागलंय ना? मग दुकानाचंच."

"वा! हे कोर्टात सांग."

"भांडण्यापेक्षा उघडून बघा," श्रद्धाताई म्हणाल्या.

दोघांनी आपापल्या किल्ल्या फिरवल्या. आत जमिनीवर धुळीचा जाड थर होता आणि त्यावर माणसाचे एकही पाऊल नव्हते. यमुनाबाई उंबऱ्यावरच थांबल्या. मग त्यांनी आपल्या हातांकडे पाहिले.

"तेल मात्र ओतलंस रे दादा! सगळे हात बरबटले."

"पूस इकडे," म्हणून महिपतींनी शर्टाची बाही पुढे केली. यमुनाबाईंनी खरेच हात पुसले, आणि मग त्याच बाहीला डोळेही टेकवले.

त्याच दुपारी सह्या झाल्या आणि तडजोड कोर्टात दाखल झाली. मित्रांनो, आम्हा कुलपांना अधूनमधून तेल देत जा. संशय घेणे हे आमचे काम आहे. ते आम्हालाच करू द्या.