टवका उडालेल्या बांगडीचा शिक्का

आसेगावच्या वाटेवरच्या तांड्यात भर उन्हात दोन बायकांचं भांडण जुंपलं होतं. रांजण जमनाबाईचा, तिच्याच दारातला, काठोकाठ भरलेला. आणि त्यातलं पाणी घेण्यासाठी ती शेजारच्या भुरीबाईपुढे हात जोडत होती.

"काकी, गाय जीभ काढून राह्यली व. दोन तांबे घेऊ दे."

"ते आगीचं पानी हाये, जमना. त्याले हात लावाचा नाई."

"आग कुठं हाये? गाय तं मरून राह्यली."

"आग लागल्यावर रांजन भरशील काय?"

भुरीबाईची जीभ अशीच, सरळ काळजाला लागणारी. पण तिनं सोसलंही तेवढंच होतं. पाच वर्षांमागं वैशाखात तांडा जळाला, तेव्हा तिची नात झोपडीतच राहिली. विहीर लांब, आणि एका घरात घागरभर पाणी नाही. तेव्हापासून तांड्याच्या प्रमुखानं, धरमसिंग नायकानं, नेम घालून दिला होता. उन्हाळाभर प्रत्येक दारात आगीसाठी एक रांजण भरलेला राहील. झाकणाभोवती शेणमातीचा लेप द्यायचं काम भुरीबाईचं. ओल्या लेपावर ती हातातली हाडाची बांगडी दाबायची. त्या बांगडीचा एक टवका उडालेला होता, त्यामुळे तसा शिक्का दुसऱ्या कुणाला उठवता येत नसे. पंधराही घरांचा या शिक्क्यावर भरवसा होता.

यंदा मात्र विहिरीनं तळ गाठला. घरटी दिवसाला एक घागर पाणी. त्यात माणसांनी प्यायचं की जनावरांना पाजायचं, सांगा बरं. जमनाबाईची गाय तिसऱ्या दिवशी त्या भरल्या रांजणाशेजारीच मेली. जमनाबाई रडली नाही. दिवसभर भुरीबाईच्या दाराकडे तोंड करून बसून राहिली.

आता पुढचं लपवून काय उपयोग? त्याच आठवड्यात भुरीबाईचा मोऱ्या बैल खाली बसला. जोडीतला एवढा एकच उरलेला. तो गेला तर पेरणी गेली. नवरा लखीराम विहिरीवर रांगेत होता, आळीत चिटपाखरू नव्हतं. तिनं आपल्या रांजणाचा लेप फोडला, बैलाला पाजलं, नवा लेप दिला आणि बांगडी दाबली. दुसऱ्या दुपारी तेच. तिसऱ्या दुपारी रांजण खडखडीत झाला. उद्या भरू, असं ती स्वतःला सांगत राहिली. उद्याचं पाणी येणार कुठून, हे तिच्याइतकं कुणाला ठाऊक होतं?

मोऱ्या उठला. आणि चौथ्या दिवशी आग लागली.

तांड्यातल्याच सेवादासच्या चिलमीची ठिणगी कडब्याच्या गंजीत पडली. गंजी भुरीबाईच्या घरामागं आणि वारा पश्चिमेचा. वाऱ्याच्या तोंडचं घर आधी भिजवायचं, हे नायकानं सगळ्यांना पढवून ठेवलं होतं. शिकवल्याप्रमाणे माणसं धावली ती भुरीबाईच्याच रांजणाकडे. ती मध्ये आडवी झाली. त्यांतल्या उदयसिंगनं तिला बाजूला सारून लेप फोडला, झाकण उचललं.

"काकी, हा तं कोरडा हाये."

दुसऱ्या रांजणाकडे वळेपर्यंत तिचं छप्पर पेटलं आणि जाळ जमनाबाईच्या छपरावर उतरला.

"जमनाचं घर सोडा," नायक ओरडला. "तिसरं भिजवा!"

जमनाबाईनं स्वतःच्या रांजणाचा शिक्का फोडला. गाईला न मिळालेलं ते पाणी तिनं घागरीनं उपसलं आणि आपल्या जळत्या घराकडे पाठ करून तिसऱ्या छपरावर ओतलं. बाकीच्यांचे रांजण आले. तेरा घरं वाचली, माणसं वाचली. दावं कापल्यामुळे मोऱ्याही वाचला.

संध्याकाळी भुरीबाई सगळ्यांसमोर उभी राहिली. "म्या बैलाले पाजलं. तीन दिवस. आन् वरून शिक्का मारला." ती बांगडी मनगटातून ओढायला लागली.

"काहून काढतं वं?" लखीराम कळवळला. "मी जिता हावो ना अजून."

कुणी तिला शिव्या दिल्या नाहीत, आणि तेच तिला सोसवेना. शेवटी जमनाबाई पुढे आली. तिनं भुरीबाईचा हात धरला, ओढलेली बांगडी परत मागं सारली.

"राहू दे. लोकायच्या रांजनाले तूच शिक्का मार."

"आन् माह्या?"

"तुह्या रांजनाले मी मारीन."

दुसऱ्या दिवशी मोऱ्याला दुसऱ्या घरच्या बैलासोबत गाडीला जुंपून लांबच्या नदीच्या डोहातलं पाणी आणलं. राखेच्या दोन ढिगाऱ्यांपुढे दोन रांजण उभे होते. ना दार, ना छप्पर, जळायला काही उरलं नव्हतं. तरी जमनाबाईनं भुरीबाईचा रांजण आधी भरला, लेप दिला आणि त्यावर आपली बांगडी दाबली. भुरीबाईनं तो शिक्का वाकून बघितला. मग जमनाबाईच्या रांजणाचा लेप कालवायला ती राखेतच बसली.