टकटक थांबली की

मी एक जुना पाण्यातला कान आहे. हसू नका, मित्रांनो. माझं खरं नाव हायड्रोफोन, पण उत्तर नॉर्वेतल्या आन्नेनेस बंदरात, 'टेर्ना' नावाच्या बोटीवर, मला त्या नावानं कोणी हाक मारत नाही. "कान सोड", "कान वर घे", "कान धुतलास का?" एवढंच माझ्या वाट्याला येतं. लांब काळ्या केबलच्या टोकाला लटकून मी थंडगार पाण्यात उतरतो आणि खाली जे ऐकू येतं ते वर पाठवतो. मला तोंड नाही. ऐकलेलं पोचवता येतं, पण ते कुणाला कळलं का, हे विचारता येत नाही. माझी सगळी तगमग त्यातूनच आलेली आहे.

माझा जन्म नौदलाच्या कारखान्यात झाला. वर काळ्या रबराची कातडी, आत चिनीमातीसारखी एक चकती आणि पोटात चक्क एरंडेल तेल. आवाज चकतीपर्यंत नीट पोचावा म्हणून ते भरतात. मी कायम एरंडेल प्यायल्यासारखा असतो असं तुरिड म्हणते, ते अगदीच खोटं नाही. ही तुरिड बोटीवर प्रवाशांसाठी भाजीचं सूप करते आणि कुणी विचारलं नाही तरी स्वतःचं मत देते.

नौदलात मला एकच काम होतं. परक्या पाणबुडीची चाहूल घ्यायची. तिथे आवाज आला तरी सगळे दचकायचे आणि आवाज नसला तर जास्तच दचकायचे, कारण गप्प पाण्यात कोण दबा धरून बसलंय ते कसं कळणार? मला तेव्हापासून शांतता सोसत नाही. मध्येच देवमाशांची टकटक सुरू झाली की अधिकारी वैतागायचे, "आले सुतार ठोकाठोकी करायला!" त्या दिवसांत माझ्या केबलच्या दुसऱ्या टोकाला हेडफोन लावून हालवर्ड नावाचा तरुण खलाशी बसायचा. लांबून जाणाऱ्या मच्छीमार बोटीचं इंजिन ऐकून ती कुणाची आहे आणि मालकानं तेल बदलायचा कंटाळा केलाय का, तेसुद्धा तो सांगायचा. "हालवर्डचा कान म्हणजे कान!" असं सगळं बंदर म्हणायचं. ते नक्की कोणत्या कानाबद्दल बोलतात याची मला कधी खात्री वाटली नाही, पण निम्मं कौतुक मी माझ्या खात्यावर घेत असे.

मग नवी यंत्रं आली आणि मला गोदामात टाकून दिलं. बटाट्यांच्या रिकाम्या पोत्यांखाली मी कित्येक वर्षं पडून होतो. उंदरांनी माझी केबल कुरतडली. ऐकण्यासाठी जन्मलेल्यानं पोत्यांची कुजबुज किती ऐकायची? शेवटी गोदाम रिकामं करताना हालवर्डच आला. नौदलानंतर काही वर्षं केलेली मासेमारीही सोडून तोवर त्यानं 'टेर्ना' घेतली होती आणि लोकांना देवमासे दाखवायचा धंदा मांडला होता. त्यानं माझ्यावरची धूळ फुंकली, मला हेरिंग माशांच्या टबात घातलं आणि म्हणाला, "चल रे म्हाताऱ्या. आता सुतारांचंच ऐकायचं."

मित्रांनो, ते काम कसं चालतं ते सांगतो. आमच्या बंदरापासून थोडं बाहेर गेलं की समुद्राचा तळ एकदम खोल कोसळतो. त्या खोलीत मोठ्या डोक्याचे देवमासे खायला उतरतात. इथे येतात ते सगळे नर. "बायकापोरं उबदार पाण्यात ठेवून हे इथे एकटे चरायला येतात, नवऱ्यांची जात सगळीकडे सारखीच," हे तुरिडचं वाक्य प्रत्येक फेरीत ठरलेलं. मासा खाली अंधारात असला की टक, टक, टक असा आवाज करत शिकार शोधतो. आम्ही इंजिन बंद करायचं, मला पाण्यात सोडायचं आणि ऐकायचं. आवाज लांबून येत असला तर मला वर घेऊन बोट पुढे न्यायची, पुन्हा ऐकायचं. आणि टकटक थांबली की मासा वर यायला निघाला असं समजायचं. मग बोट जागची हलवायची नाही. तो कुठून वर येईल याचा नेम नसतो आणि बोटीखाली आमचा पाणी कापणारा धारदार पंखा असतो.

नौदलातली भीतीची शांतता इथे आनंदाची झाली होती. पण स्वभावाला औषध नाही. टकटक थांबली की अजूनही माझा जीव टांगणीला लागतो.

बरीच वर्षं छान गेली. हालवर्ड सुकाणूवर, हेडफोन त्याच्या कानावर, त्याची मुलगी सिगनी माइक घेऊन प्रवाशांना माहिती सांगणार. "येतोय!" असं हालवर्डनं म्हटलं की लोक कठड्याशी धावायचे आणि मासा हटकून वर यायचा. लोक टाळ्या वाजवायचे. हालवर्ड टोपीला हात लावायचा.

गेल्या हिवाळ्यापासून मात्र काहीतरी बिनसलं. मी पाठवलेला आवाज तो बटण फिरवून मोठा करू लागला, मग अजून मोठा, मग बटण शेवटाला जाऊन टेकलं. सिगनीनं हौसेनं एक स्पीकर आणला, म्हणजे प्रवाशांनाही टकटक ऐकता येईल. हालवर्डनं तो बाकाखाली ढकलून दिला. "ही बोट आहे, जत्रा नाही," असं गुरकावला. त्याची नजर आता समुद्रावर नसायची. माझी केबल ज्या डबीला जोडलेली आहे तिच्यावर एक काटा आहे. प्रत्येक टकटकीला तो उडतो. हालवर्ड त्या काट्याकडे टक लावून बसायचा. काटा उडायचा थांबला की म्हणायचा, "येतोय!"

मला कळलं. तो ऐकत नव्हता, बघत होता. जन्म इंजिनाशेजारी काढलेल्या माणसाचे कान हळूहळू गेले होते. आणि हे मी कुणाला सांगणार? मी रोज पाण्यात उतरायचो, जीव तोडून आवाज पाठवायचो, आणि तो वर जाऊन कुणालाच मिळायचा नाही. बटाट्यांच्या पोत्यांखाली बरा होतो, असंही मनात येऊन गेलं.

मग तो जूनमधला दिवस उजाडला. खरं तर आमच्याकडे जूनमध्ये सूर्य मावळतच नाही, पण म्हणायची पद्धत. आदल्या फेरीत डबीत खारं पाणी गेलं होतं आणि काटा अडकून बसला होता. मला सोडल्याबरोबर खालून स्वच्छ टकटक आली. काटा हलला नाही. टकटक थांबलीच आहे असं समजून हालवर्डनं हात वर केला आणि ओरडला, "येतोय!"

लोक कठड्याला चिकटले. मासा कुठे येतोय? तो आपला खाली मजेत टकटकत होता. वारा बोचत होता. सिगनीची माहिती सांगून संपली, मग तिनं तीच पुन्हा सांगितली. एका बाईनं विचारलं, "मासा रुसलाय का?" कुणीतरी हसलं. हालवर्ड लालबुंद झाला. 'येतोय' म्हणून मासा आला नाही असं त्याच्या आयुष्यात घडलं नव्हतं. त्यानं काट्यावर बोट आपटलं, काहीतरी पुटपुटला आणि दुसरीकडे जायचं म्हणून तडक इंजिन सुरू केलं.

त्या गडबडीत मी पाण्यातच राहिलो. आणि नेमकी तेव्हाच टकटक थांबली.

बोट हलली तसा मी मागे फरफटत निघालो. फरफटणाऱ्या कानातून वर काय जातं माहीत आहे? धबधब्यात डोकं घातल्यासारखा गडगडाट! कुणीही हेडफोन भिरकावून दिले असते. आणि खालून तो प्रचंड जीव वर येत होता, हे मला ठाऊक होतं, एकट्या मला. मी ओरडत होतो, मित्रांनो, माझ्यापुरतं ओरडणं म्हणजे जे असेल ते.

पुढचं मला तुरिडनं इतक्यांदा ऐकवलंय की मी स्वतः पाहिल्यासारखं सांगू शकतो. सिगनीला कठड्यावरून मागे ताणलेली केबल दिसली. ती केबिनकडे धावली. आत हालवर्ड हेडफोन लावून, कॉफीचा घोट घेत, निवांत उभा होता.

"बाबा! कान पाण्यात आहे!"

"हो हो, निघालोच," तो म्हणाला.

तिनं त्याच्या डोक्यावरचे हेडफोन ओढले, स्वतःच्या कानाशी नेले आणि किंचाळून लांब धरले. मग ती बापाकडे बघतच राहिली.

"बाबा, हे ऐकू येत नाही तुला?"

हालवर्ड हसला. कुठल्याही प्रश्नाला चालेल असं ते हसू. "येतं की. शांत आहे सगळं."

सिगनीनं एका हातानं त्याला बाजूला सारलं आणि दुसऱ्या हातानं इंजिन बंद केलं. बोट घसरत घसरत थांबली. आणि नाकासमोर, बोटीच्या लांबीइतक्या अंतरावर, पाणी फुगलं. काळी, सुरकुतलेली पाठ वर आली. फुस्सकन फवारा उडाला आणि सगळ्यांच्या तोंडावर माशांचा वास आला. लोक आनंदानं वेडे झाले. सिगनीनं माइक घेतला. तिचा आवाज थरथरत होता, लोकांना वाटलं थंडीनं. मासा श्वास घेऊन घेऊन ताजातवाना झाला, त्यानं शेपटी उभी केली आणि निघून गेला. टाळ्या पडल्या. या वेळी हालवर्डनं टोपीला हात लावला नाही.

लोक सूप पिऊ लागले तशी तुरिड केबिनमध्ये आली. ती हालवर्डची धाकटी बहीण. सगळं ऐकून घेऊन ती म्हणाली, "तू माझं जन्मात कधी ऐकलं नाहीस, म्हणून मला फरकच कळला नाही रे." आणि ॲप्रन तोंडाला लावून रडायला लागली.

"मला सांगितलं का नाहीस?" सिगनीनं विचारलं. ती त्याच्या अगदी समोर येऊन, सावकाश बोलत होती.

"काय सांगू? अख्खं बंदर मला कशासाठी ओळखतं? कानच गेला म्हटल्यावर मी कोण? धक्क्यावर बसून सीगल पक्ष्यांना पाव टाकणारा म्हातारा!"

"आणि आपला पंखा त्याच्या पाठीत घुसला असता तर?"

हालवर्डनं इंजिनाची किल्ली काढली आणि तिच्या हातात ठेवली. कुणी मागितली नव्हती. मग परत जाताना वाटभर तो माझी केबल गुंडाळत बसला, एकदा गुंडाळून झाली की सोडायची आणि पुन्हा गुंडाळायची.

त्याला ट्रोम्सो शहरातल्या डॉक्टरांनी कानात घालायची दोन इवलीशी यंत्रं दिली. नात्यानं ती माझी भावंडंच, पण मला त्यांचा हेवा वाटतो. त्याला आता तुरिडच्या शिव्या ऐकू येतात, टकटक मात्र येत नाही. सुकाणू सिगनीकडे गेलं. काही फेऱ्या तो आलाच नाही. आला तेव्हा कोपऱ्यात कॉफी घेऊन बसला आणि सगळ्या गोष्टींत खोट काढू लागला.

त्या दिवशी सिगनीनं हेडफोन लावले. मी खालून टकटक पाठवली. ती म्हणाली, "बाबा, लांब आहे की जवळ, मला ठरवता येत नाही. इकडे ये." तो कुरकुरत उठला. तिनं त्याचा हात ओढून घेतला आणि त्याच्या तळव्यावर बोटानं वाजवू लागली, मी जसं पाठवत होतो तसंच, हळू तिथे हळू आणि जोरात तिथे जोरात. हालवर्डनं डोळे मिटले. "जवळ आहे," तो म्हणाला. "म्हातारा आहे. घाई नाही त्याला." कितीतरी वेळ ती दोघं तशीच उभी होती. मग तिचं बोट थांबलं. सिगनी तोंडातून शब्द काढायच्या आत तो दारातून बाहेर ओरडला, "येतोय!" आणि ओरडता ओरडता रडत होता. माझा आवाज पुष्कळ दिवसांनी पोचला होता.

मित्रांनो, आता माझी विनंती. खाऱ्या पाण्यातून आल्यावर मला गोड्या पाण्यानं धुवा, केबलला पीळ पडू देऊ नका, हे तर आहेच. पण तुमच्या घरातही कुणीतरी असेल, जो तुमचं बोलणं संपायच्या आधीच हसून 'हो हो' म्हणतो. त्याच्यावर चिडू नका, त्याची नक्कल करू नका. समोर जाऊन बसा, त्याचा हात धरा आणि पुन्हा सांगा. आणि तो "ऐकलं" म्हणाला, तरी काय ऐकलं ते एकदा विचारा.