पुरी बाटली

आईची बॅग ट्रूडामावशीच्या गाडीतच होती. ती खाली उतरवायची की नाही, हे जेवणानंतर ठरणार होतं. "वर्षभर दारूच्या थेंबाला शिवला नाहीस, तर परत येईन," असं बाबांना बजावून ती बहिणीकडे गेली होती. काल ते वर्ष भरलं. बाबा म्हणत होते, शिवलो नाही. पण सत्तावीस वर्षं ते हेच म्हणत आले होते.

त्यात आईने फोनवर फर्माइश केली बिअरच्या ब्रेडची, तीही बाबांच्याच हातच्या.

"चोराच्या हाती जामदारखान्याच्या किल्ल्या!" मावशी अंगणात खुर्चीवर टेकत म्हणाली.

ब्रेडची कृती बाबांनीच सांगून सांगून आमच्या गावात शेंबड्या पोरालाही पाठ. सोडा घातलेल्या तयार पिठाचा एक पुडा, चमचाभर मीठ, एक बाटली बिअर. ढवळायचं, लोणी फासलेल्या बिडाच्या भांड्यात ओतायचं, वर-खाली निखारे ठेवायचे. तरी बाबांसारखा ब्रेड कुठल्याच बाईला जमत नसे. "तुमच्या हाताला गुण आहे," असं म्हणत त्या दर जत्रेला चर्चच्या आवारात त्यांचाच ब्रेड विकत घेत.

मला धास्ती होती ती बाटली उघडण्याची. 'पहिला घोट आचाऱ्याचा' ही इथल्या पुरुषांची रीतच, आणि बाबांचा घोट म्हणजे पाव बाटली. मी बाबांच्या मागोमाग स्वयंपाकघरात शिरले, तर त्यांनी मला हाकललं.

"मार्टी, बाहेर जा. माझे हात थरथरतात. बघायला माणसं नकोत."

दार लागलं. आतून झाकण उडाल्याचा आवाज आला, मग बराच वेळ काहीच नाही. मी अंगणातल्या विस्तवातली बाभळीची लाकडं उगाच पुढेमागे सारत बसले.

भांडं निखाऱ्यांवर ठेवल्यावर पाऊण तासाने ब्रेडमध्ये सुरी खुपसली, तर ती पिठाने बरबटून बाहेर आली. आणखी दहा मिनिटं ठेवला, पुन्हा तेच. अजून दहा मिनिटांनी तळ करपल्याचा वास आला, तरी मधे लगदाच. बाबा चिमटा हातात धरून भांड्याकडे नुसते बघत राहिले.

"पीठ तेच, भांडं तेच. आच पण तेवढीच होती ना गं?"

"तेवढीच होती, बाबा."

माझं डोकं चालेना. झोकांड्या खात असतानासुद्धा या माणसाचा ब्रेड कधी बिघडला नव्हता. आज काय झालं? दुधाने तोंड पोळलेली मी, ताकही फुंकून पिणार. आत जाऊन बाटली उलटी केली. थेंबही निघाला नाही. मग बाबांच्या तोंडाशी तोंड नेलं. पेपरमिंटचा वास.

"गोळी कशाला खाल्लीत?"

"आज रविवार ना? चर्चमध्ये कोण खात नाही?"

खरं होतं. मीही खाल्ली होती. मला काहीच उमजेना. रडावं की ओरडावं, तेही कळेना.

जेवायला बसलो. बाबांनी ब्रेड कापला तशी सुरी त्यात रुतून बसली.

"काय हो लोरेन्स," मावशी म्हणाली, "हा खायचा की भिंतीला लिंपायचा? याच्यापेक्षा पिऊन करत होतात तेच बरं होतं!"

आईचा घास तोंडातच थांबला.

"लोरेन्स, बिअर किती घातलीस?"

"एक बाटली. नेहमीसारखी."

"पुरी?"

"पुरीच. नाहीतर उरलेलीचं काय करणार होतो मी?"

आई बाबांकडे बघत होती. तिचे डोळे भरून आले होते आणि ओठ मात्र हसत होते.

"आणि आचाऱ्याचा घोट?"

"नाही घेतला." बाबांनी सुरी खाली ठेवली. "दार लावून बाटलीसमोर उभा राहिलो. मग सगळी ओतून टाकली, एकदम."

मी मान खाली घातली. बापाचं तोंड हुंगलं होतं मी.

आईने आपला ओला तुकडा उचलला, त्यावर जर्दाळूचा मुरंबा थापला आणि सगळा खाल्ला.

"एल्सबेथ, कच्चाय गं तो! पोट बिघडेल," मावशी ओरडली.

"बिघडू दे. मार्टी, जा, गाडीतली बॅग आण."

मी उठले. बाबांच्या कपाळावरची आठी मात्र काही जाईना.

"म्हणजे एवढी वर्षं बायकांना मी चुकीचीच कृती सांगत होतो? मग माझ्या हाताचा गुण?"

"हाताचा कुठला?" दुसरा तुकडा ओढून घेत आई म्हणाली. "घशाचा होता तो, लोरेन्स."