लाल ठिपका

कॅमेऱ्यामागे उभं राहून त्याचे केस पिकले, तरी वडिलांच्या लेखी तो अजून फोटोच काढत हिंडत होता. घरी कोणी आलं आणि मुलगा काय करतो म्हणून विचारलं, की ते चहाचा कप खाली ठेवून म्हणायचे, "काढतो फोटो." मग गाडी हवापाण्यावर यायची.

माहितीपटांसाठी त्याने काय काय टिपलं नव्हतं? पुरात छातीभर पाण्यात उभा राहिला, खाणीत उतरला, परक्यांच्या मरणाच्या खोलीत कोपरा धरून बसला. बक्षिसं दिग्दर्शकांनी नेली. त्याचं नाव पडद्यावर येईपर्यंत लोक पायाने चपला चाचपायला लागलेले असायचे. त्याचं काही वाटत नाही, असं तो चारचौघांत म्हणायचा. वडिलांच्या त्या दोन शब्दांनी मात्र तो आतून जळायचा.

मग वडिलांनी अंथरूण धरलं. एका दुपारी ते आपण होऊन म्हणाले, "ये, घे माझी मुलाखत. बोलतो."

मंत्र्यासंत्र्यांपुढे न कापलेले हात त्या दुपारी कापले. त्याने खिडकीशी खुर्ची मांडली, पडदा अर्धा ओढला, वडिलांना आधार देऊन तिच्यात बसवलं, त्यांच्या कॉलरला माइक लावला आणि बटण दाबलं. वडील खरंच बोलले. "ह्याने कुणापुढे लाचारी केली नाही. जे केलं ते स्वतःच्या हिमतीवर. मी कधी बोलून दाखवलं नाही, पण मला ह्याचा फार अभिमान आहे." त्याचे डोळे असे भरून आले की समोरचं सगळं पुसट झालं. बोलणं संपल्यावर त्याने पुन्हा बटण दाबलं आणि सगळं तसंच सोडून तोंड धुवायला आत गेला.

वडील गेले. बरेच दिवस त्याचा धीर झाला नाही. शेवटी कॅमेऱ्यातलं कार्ड लावून बसला, तर मुलाखत नव्हतीच.

सुरुवातीला त्या कापऱ्या बोटाने बटण दोनदा दाबलं होतं. चालू आणि लगेच बंद. चित्रीकरण चालू असल्याचा लाल ठिपका दिसतोय का, हे आधी गडबडीत आणि नंतर भरल्या डोळ्यांनी पाहिलंच नव्हतं. म्हणून बंद करायला दाबलं, तेव्हा कॅमेरा चालू झाला. ही नवशिक्यांची चूक. ह्याच चुकीवरून त्याने कितीतरी सहायकांना फाडून खाल्लं होतं.

कार्डावर होतं ते त्यानंतरचं. खुर्चीत वडील, आणि पाण्याचा पेला घेऊन आलेली आई.

"झालं तुझ्या मनासारखं? सांगितलंस तेवढं सगळं बोललो."

"हळू. ऐकेल तो."

"ऐकू दे. उभा जन्म वाया घालवला, वर शाबासकी हवी." मग खोकला, आणि खिडकीकडे फिरवलेलं तोंड. चित्र सुरेख होतं. प्रकाश अगदी त्याला हवा तसा पडला होता. त्याला स्वतःचीच किळस आली.

कार्ड त्याने खिशात टाकलं, पुसलं नाही.

दुसऱ्या दिवशी आई म्हणाली, "ह्यांचं ते बोलणं लाव ना रे. ऐकावंसं वाटतंय."

"कार्ड खराब निघालं, आई. काहीच आलं नाही."

आईचा चेहरा पडला. पण घटकाभरच. "असू दे. मला पाठ आहे," ती म्हणाली. पदर सावरून ती खिडकीशी तशीच राहिलेल्या त्या खुर्चीत बसली आणि एकदाही न अडखळता म्हणून दाखवू लागली. लाचारी आली, हिंमत आली. "मी कधी बोलून दाखवलं नाही, पण मला ह्याचा अभिमान आहे." तिने डोळे पुसले. "असं म्हणाले बघ."

तो दचकला. "फार अभिमान, असं म्हणाले ना?"

"छे रे. 'फार' नव्हतं त्यात. मला नाही का माहीत?"

तिला माहीत असणारच होतं. सगळे शब्द तिचेच होते. मग 'फार' कुणाचं? वडिलांनी पदरचं घातलं होतं, की ह्याच्या भुकेल्या कानांनी? जन्मभर लोकांचे शब्द जपून आणणाऱ्या माणसाला बापाचा एक शब्द हवा होता, आणि तो ऐकायला आता काहीच शिल्लक नव्हतं.

"नसेल," तो म्हणाला, आणि आई उठली की खुर्ची खिडकीपासून उचलून जागेवर ठेवावी, म्हणून तिच्या उठण्याची वाट बघत उभा राहिला.