गवंडी ‘येतो’ म्हणाला

चौकटीचा गिलावा पुरा झाला, थापी-ओळंबा पिशवीत गेले, तरी गवंडी काही घरी पोचत नव्हता.

तो काम करत होता त्या जुन्या ठाण्याची ख्याती त्याने ऐकली होती. गोल दगडी खोली, तीन दारं आणि तिन्ही दारांबाहेर वेगवेगळी जगं. एकातून समुद्र दिसायचा, दुसऱ्यातून एक रस्ता, जिथे माणसं बोलायची पण आवाज यायचा नाही, आणि तिसऱ्यातून आपली नेहमीची गल्ली. या खोलीत सांगितलेली गोष्ट खरी होते, म्हणून लोक चपला बाहेर काढून आपापली गोष्ट सांगायला यायचे आणि मुकाट निघून जायचे. गवंड्याचा असल्या भानगडींवर काडीचा विश्वास नव्हता. ठाणं सांभाळणाऱ्या मावशीने चौकट दुरुस्त करायला बोलावलं, म्हणून तो आला होता.

तोही आजच. घरी बायकोला सकाळी कळा सुरू झाल्या होत्या. “पहिलटकरीण आहे, वेळ लागेल. तू इथे लुडबुड करू नकोस,” असं म्हणत सुईणीने त्याला पिटाळलं होतं. त्याने भराभर हात चालवला, पिशवी उचलली आणि म्हणाला, “येतो, मावशी.”

“ये हं,” मावशी म्हणाली.

तिसऱ्या दारातून तो गल्लीत आला, धावत घरी पोचला. आतल्या खोलीतून बायको ओरडत होती, “अरे, कुठे आहेस तू?” त्याने आतला उंबरा ओलांडला, आणि समोर आला तो स्वतःच लिंपलेला ओला गिलावा.

“आलास?” मावशीने विचारलं.

तो पुन्हा धावला, मागून मावशीचं ‘ये हं’ आलं. पुन्हा घर, पुन्हा बाहेरची खोली, पुन्हा तिची हाक, आणि उंबरा ओलांडला की पुन्हा ठाणं. एकदा खिडकीतून आत उडी मारून पाहिली. गुडघा फुटला तो ठाण्यातल्या फरशीवर. दर खेपेला तिचा आवाज अधिक थकलेला येत होता, आणि बाहेरच्या खोलीतून त्याने कितीही ओ दिली तरी ती तिला ऐकू जात नव्हती. तो घाबरून अर्धा झाला होता.

शेवटी नाक मुठीत धरून तोही गोष्ट सांगायला बसला. “एक गवंडी होता. तो घरी गेला. आतल्या खोलीत गेला. बायकोचा हात धरून बसला.” एवढं सांगून तो निघाला. मावशीचं ‘ये हं’ मागे होतंच. या खेपेला पाय आत पडला! पलंगाचा दांडा घट्ट धरलेला तिचा हात दिसला. त्याने आपला हात पुढे केला, आणि बोटं गिलाव्यात रुतली.

तो मटकन खाली बसून रडू लागला. “मावशी, माझं चुकलं काय?”

मावशी दुसरीकडे बघत राहिली. मग म्हणाली, “निघताना काय म्हणालास?”

“येतो म्हणालो. सगळेच म्हणतात.”

“इथे बोललेलं खरं होतं, बाबा. म्हणून लोक मुकाट जातात.”

त्याने कपाळावर हात मारला. लहानपणी ‘जातो’ म्हटल्याबद्दल आईने तोंडावर चापट दिली होती. तो उठला, आणि जड जिभेने म्हणाला, “जातो, मावशी.”

“ये हं.”

गवंड्याच्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. “तुम्ही दर वेळी ‘ये’ म्हणता! मुद्दाम!”

“पहिल्यांदा सवयीने,” मावशी म्हणाली. “नंतर मुद्दाम. आणि निघताना बोलू नये, हेही तुला मुद्दामच सांगितलं नाही.” तिने पदराने तोंड पुसलं. “आमचे मालक इथे अडकून दिवाबत्ती करत बसले होते. मी त्यांचा डबा घेऊन आले आणि ‘येते’ म्हणून बसले. ते सुटले, मी राहिले. इथे अडकलेल्याला अडकलेलाच सोडवू शकतो. त्याने आत उभं राहून ‘जा’ म्हणायचं, समोरच्याने उंबरा ओलांडायचा. म्हटलं, कुणीतरी अडकलं तर मला ‘जा’ म्हणेल.”

गवंड्याला तिचा संताप आला, आणि तिची कीवही आली. तो ‘जा’ म्हणाला असता तर ती आत्ता गल्लीत असती आणि तो कायमचा इथे. त्याने ओठ घट्ट मिटून घेतले. स्वतःची लाजही वाटली.

“हाका मारतेय का ती?” मावशीने विचारलं.

“मघाशी मारत होती. आता नुसती कण्हतेय.”

मावशी उठली. त्याची पिशवी त्याच्या खांद्याला अडकवली.

“मावशी, मी पुन्हा ये—”

तिने झटकन त्याच्या तोंडावर हात ठेवला. “गप! एक अक्षर बोलू नकोस.” मग हात काढला आणि म्हणाली, “जा.”

तो गेला. मागे वळूनही त्याने पाहिलं नाही. आतला उंबरा ओलांडला तेव्हा तो आतल्याच खोलीत होता. बायकोने त्याचा हात असा आवळला की बोटांवरचा वाळलेला गिलावा चादरीवर गळून पडला. थोड्याच वेळात मुलगी रडली.

दिवेलागणीला सुईणीने सगळं आवरलं. दारात चपला घालत म्हणाली, “येते हं मी.”

गवंड्याच्या ओठांवर ‘या’ आलं आणि तिथेच अडकलं.

“जा,” तो म्हणाला.

सुईणीचा चेहरा पडला. ती पायऱ्या उतरून गेली.

“अरे, असं म्हणतात का कुणाला?” बायको आतून ओरडली. “दिवसभर राबली बिचारी! काय वाटलं असेल तिला?”

गवंडी दाराची चौकट धरून उभा होता. त्याला हुंदका आवरेना.