दोनशे चाळीस चिंचोके

ही गोष्ट २०२४ सालची. गुढीपाडव्याला तीन आठवडे उरले होते, आणि चंद्रव्वाने चूल बंद करायची तारीख ठरवली होती. पाडव्याच्या आदल्या दिवशी शेवटच्या भाकऱ्या थापायच्या, भाड्याच्या खोलीची किल्ली मालकाला द्यायची आणि घरी बसायचं.

ती खोली सोलापुरात शुक्रवार पेठेत. तिथे चंद्रव्वाने बावीस वर्षं कडक भाकऱ्या करून विकल्या. पातळ थापायची, तव्यावर भाजायची, मग चुलीच्या कडेला निखाऱ्याच्या धगीवर उभी करून पापडासारखी कडक होऊ द्यायची. सोबत शेंगाचटणीची पुडी. माढ्याकडची मथुराबाई तिच्या जोडीला होती. एक मळायची, एक थापायची आणि दोघी मिळून पेठेतल्या सगळ्यांची उणीदुणी काढायच्या.

पण तीन वर्षांपूर्वी मुलाने, विरेशने, जुळे सोलापुरात दोन खोल्यांचा फ्लॅट घेतला आणि त्याला आईची चूल खुपायला लागली.

"अव्वा, लोक काय म्हणतात ठाऊक आहे? पोरानं फ्लॅट घेतला आणि आई अजून भाकऱ्या थापती."

"थापती तर थापती. चोरी करती का?"

"गुडघे बघ तुझे. आता बास की."

गुडघ्यांचं खरं होतं. ती सहासष्टची झाली होती. शेवटी ती हो म्हणाली. त्याच पाडव्याला विरेश गाडी घेणार होता. मेहुण्याने दोन वर्षांपूर्वी घेतली होती आणि प्रत्येक लग्नात तो विरेशला विचारायचा, "काय पाव्हणं, एस.टी. वेळेवर आली का?"

आता चिंचोक्यांचं सांगते.

फ्लॅटसाठी विरेशने बँकेकडून चोवीस लाख घेतले होते. दोनशे चाळीस हप्ते, दर महिन्याला अठरा हजार सहाशे सात. पहिला हप्ता २०२१च्या पाडव्याच्या महिन्यात गेला. त्या दिवशी चंद्रव्वाने दोनशे चाळीस चिंचोके मोजून पितळी डब्यात भरले आणि देवघराशी ठेवले. शेजारी एक रिकामा डबा. हप्ता गेला की एक चिंचोका या डब्यातून त्या डब्यात. शाळा तिसरीपर्यंतच झालेली, पण हिशेबात तिला कुणी फसवलं नव्हतं. बारा बायकांची भिशी तिने वीस वर्षं चालवली. भिशीत जेवढे हप्ते भरले तेवढे आपले. बँकही तशीच असणार, असं तिने धरलं होतं. दोन वर्षांत चोवीस चिंचोके हलले, म्हणजे दहावा हिस्सा फिटला, म्हणजे स्वयंपाकघर आपलं झालं. तिसऱ्या वर्षी देवघराचा कोपरा आणि त्यापुढची थोडी फरशी. ओटा पुसताना ती सुनेला ऐटीत सांगायची, "हे आता आपलं. बँकेचं ते तिकडं, पलंगाच्या बाजूला."

सून सिद्धेश्वरी हसायची. ती बी.कॉम. होती. एका चष्म्याच्या दुकानात बिलं करायची, आणि सासूला अत्ती म्हणायची.

या डब्यांमागे चंद्रव्वाचा एक घोर होता, तो ती बोलत नसे. तिचा नवरा चनबसप्पा धान्याच्या अडतीवर मुनीम होता. साठी उलटली तरी सुजलेले पाय चपलेत कोंबून तो कामावर जायचा, कारण घरात दुसरा पगार नव्हता. एके दिवशी अडतीच्या गादीवरच त्याची मान कलली. तेव्हापासून तिच्या मनात एकच होतं, विरूचं असं होऊ नये. विरेशच्या टॉवेलच्या कारखान्यात अठ्ठावन्नला घरी बसवत. दोनशे चाळीसावा चिंचोका बरोबर त्याच वर्षी हलणार होता. तिने ते बोटांवर चारदा मोजलं होतं. तो दिवस बघायला आपण असू की नसू, पण हिशेब बसला होता.

तर त्या मार्चमध्ये विरेशच्या कारखान्यात कराच्या कामाला कर्जाच्या व्याजाचा दाखला मागितला. सिद्धेश्वरी दुपारच्या सुट्टीत बँकेत जाऊन कागद घेऊन आली. चंद्रव्वा नुकतीच पेठेतून आली होती, हाताला अजून पीठ होतं.

"सिद्धव्वा, त्यात किती राहिलेत ते लिवलंय का?"

"लिहिलंय की. थांबा." सिद्धेश्वरीने कागद उलटला. मग पुन्हा सुलटा केला. "अत्ती, तीनशे आठ."

"तीनशे आठ काय?"

"हप्ते. राहिलेले."

चंद्रव्वा हसली. "येडी का काय! सगळे मिळून दोनशे चाळीस. छत्तीस दिले. दोनशे चार ऱ्हायले. डब्यात हायत की."

दोघींनी डबा जमिनीवर ओतून चिंचोके मोजले. दहा-दहाचे ढीग केले. वीस ढीग आणि चार. पुन्हा मोजले. तेवढेच.

"मग बँकेनं कुनाचा तरी दुसऱ्याचा कागद दिला तुला."

"नाव ह्यांचंच आहे, अत्ती." सिद्धेश्वरीचा आवाज बारीक झाला होता. ती खाली बसली आणि बोट फिरवत वाचू लागली. "छत्तीस महिन्यांत आपण भरले सहा लाख सत्तर हजार. त्यातलं मूळ कर्जात गेलं…" ती थांबली. "एक लाख तीस हजार."

"आणि बाकीचं?"

"व्याज."

चंद्रव्वाने हात पदराला पुसले. ओट्याकडे बघितलं.

"मग ह्यो वटा?"

सिद्धेश्वरीने मनात भागाकार केला. "अर्धा तुमचा आहे."

"आणि देवघर?"

सुनेने कागद पालथा ठेवला.

व्याज असतं हे चंद्रव्वाला माहीत नव्हतं असं नाही. पण आधी व्याज कापून घेतात, उरलं तर मुद्दलात टाकतात, हे तिला कुणी सांगितलं नव्हतं. तिनेही विचारलं नव्हतं. ते मात्र तिला तितकं लागलं नाही. लागले ते वाढलेले चिंचोके. भरतोय तरी वाढतात कसे?

"दर वाढला असणार," सिद्धेश्वरी म्हणाली. "मध्ये सगळ्यांचेच वाढले होते."

"सगळ्यांचे वाडले, आपला न्हाय वाडला! विरूनंच सांगितलं. दसऱ्याला पत्र आलं न्हवतं का? मी नारळ फोडला की सिद्धरामेश्वराला!"

आणि हे बोलता बोलताच तिचा चेहरा उतरला.

झालं होतं असं. दीड वर्षापूर्वी, दसऱ्याच्या सुमारास, बँकेचं दोन पानी इंग्रजी पत्र आलं. त्या दिवसांत कारखान्यात जो तो म्हणत होता, दर चढले, आता हप्ता वाढणार. विरेशने घाईघाईने पाकीट फोडलं, पहिल्या पानावर 'मासिक हप्त्यात बदल नाही' एवढं वाचलं आणि ओरडला, "अव्वा, वाचलो! हप्ता तोच!" चंद्रव्वाने पत्राला हळदकुंकू लावलं, देवळात नारळ फोडला, वाटीभर साखर शेजाऱ्यांना वाटली आणि पत्राची घडी करून देवाच्या तसबिरीमागे ठेवली. देवाजवळ ठेवलेल्या कागदाला मग कोण हात लावतो?

सिद्धेश्वरीने तसबीर सरकवून घडी काढली. पहिल्या पानावर कुंकवाचं बोट उमटलं होतं. दुसऱ्या पानाला कुणाचं बोटही लागलेलं नव्हतं. ती वाचून सांगू लागली. "दर वाढला आहे. तुम्हाला हप्ता वाढवून हवा असेल तर तीस दिवसांत कळवा. न कळवल्यास हप्ता तोच राहील आणि मुदत वाढेल."

"म्हंजे त्यांनी इचारलं हुतं."

"हो."

"आणि आपन नारळ फोडला."

संध्याकाळी विरेश आला तो गाडीचा रंगीत कागद घेऊन. दारातच म्हणाला, "पांढरी की करडी, बोला!" जमिनीवर चिंचोक्यांचे ढीग तसेच होते.

"चौकाबारा मांडलाय का काय?"

सिद्धेश्वरीने त्याला दोन्ही कागद दिले. त्याने उभ्याउभ्याच वाचले आणि तो भडकला. चूक आपली असली की माणूस आधी भडकतोच.

"मग काय झालं? हप्ता तर तोच आहे की! खिशातून एक रुपया जास्त गेला का?"

"रुपया न्हाय गेला," चंद्रव्वा म्हणाली. "वर्सं गेली."

"अव्वा, सगळे असंच भरतात. कारखान्यात विचार कुणालाही."

"मी त्यांना कशाला इचारू? तुला इचारते. तीनशे आठ म्हंजे तू किती वर्सांचा हुशील?"

विरेश बोटांवर मोजू लागला. उत्तर सिद्धेश्वरीने दिलं. "सहासष्ट."

"माज्याएवडा," चंद्रव्वा म्हणाली. "आणि पगार बंद हुनार अठ्ठावन्नला. मदली आठ वर्सं काय करनार? अडतीवर बसनार, अप्पावानी?"

बापाचं नाव निघताच विरेश खाली बसला. गाडीचा कागद त्याच्या मांडीखाली चुरगळला. तो एका चिंचोक्याला बोटाने इकडेतिकडे ढकलत राहिला.

"एकूण किती होतात?" त्याने बायकोला विचारलं.

"आतापर्यंतचे धरून चौसष्ट लाख."

"चोवीसाचे?"

"चोवीसाचे. आधीच्या हिशेबानेही पंचेचाळीस होणारच होते. तेही आपण कधी बेरीज करून बघितलं नव्हतं."

"मी बघितलं नव्हतं," विरेश म्हणाला. "तुला बघू दिलं नाही." सही करताना तिने विचारलं होतं आणि तो म्हणाला होता, हप्ता झेपतोय ना, मग झालं तर. ते त्याला आठवलं असावं.

दुसऱ्या दिवशी तिघं बँकेत गेली. विरेश म्हणत होता, अव्वा, तू कशाला. पण चंद्रव्वा डबा कडेवर घेऊन रिक्षात आधी जाऊन बसली. कर्जाच्या टेबलावर महिपती नावाचे एक साहेब होते, तरुण, गळ्यात ओळखपत्र. तिने डबा त्यांच्यापुढे ठेवला.

"आजी, हे काय?"

"दोनशे चार हायत. मोजून घ्या. ह्येच्या वर मी एक बी टाकनार न्हाय."

साहेब आधी हसले. मग सिद्धेश्वरीने पत्राचं दुसरं पान समोर धरलं, तेव्हा हसू थांबलं. त्यांनी यंत्रावर आकडे घातले. "दोनशे चारातच संपवायचं असेल तर हप्ता एकवीस हजार चारशे अठ्ठ्याऐंशी होईल. म्हणजे दोन हजार आठशे एक्क्याऐंशी जास्त."

"बास?" विरेश म्हणाला. "एवढ्यानं एकशे चार महिने जातात?"

"जातात. सगळं जास्तीचं थेट मुद्दलाला लागतं ना. एकूण साडेतेरा लाख वाचतील." साहेब खुर्चीत मागे टेकले. "आजवर हे विचारायला कुणी आलं नाही. हप्ता वाढला की भांडायला येतात. मुदत वाढली की कुणीच येत नाही."

विरेशने कपाळ चोळलं. पगारात हे बसत होतं, पण मग गाडीचा हप्ता बसत नव्हता. गाडी सोडली तरी महिनाअखेर ओढाताण होणार होती. तो घरखर्चाची वजाबाकी करत होता आणि चंद्रव्वा आपली वेगळीच आकडेमोड करत होती, ओठ हलवत.

"एका भाकरीमागं चार रुपये सुटत्यात," ती म्हणाली. "रोज पंचवीस जास्त थापल्या तर झालं की."

"अव्वा, पाडव्यापासून चूल बंद ठरलंय."

"तुजी गाडी बी ठरली हुती."

"लोक काय—"

"लोकांना सांग, आई वटा सोडवायला भाकऱ्या थापती. अर्दा झालाय, अर्दा ऱ्हायलाय."

महिपती साहेबांनी अर्ज पुढे सरकवला. विरेशने सही केली, पण या वेळी आधी दोन्ही पानं बायकोला वाचायला दिली. अर्ध्या तासात काम झालं. बाहेर आल्यावर त्याने आईच्या हातातला डबा घेतला आणि रिक्षा ठरेपर्यंत तोच धरून उभा राहिला.

मथुराबाईला हे कळलं तेव्हा ती म्हणाली, "मंजी मला बी सुट्टी न्हाय म्हन की! माजा लई इचार हुता पाडव्यापास्नं उशिरा उटायचा."

"ऊट की उशिरा. मी मळते, मीच थापते."

"तुज्या भाकरीला कड येती व्हय? गिराईक पळून जाईल," असं म्हणून मथुराबाईने पिठात पाणी ओतलं.

त्यानंतरचं थोडक्यात सांगते.

महिपती साहेबांची बदली नातेपुत्याला झाली. जाताना त्यांनी चाळीस कडक भाकऱ्या बांधून नेल्या.

मथुराबाईने वर्षभराने मांडी घालून बसणं सोडलं आणि स्टुलावर बसून मळू लागली. थापायला त्यांनी एक बाई ठेवली आहे. तिच्या भाकरीला दोघी रोज नावं ठेवतात.

विरेशने गाडी घेतली नाही. लग्नात मेहुणा अजून एस.टी.चं विचारतो. मागच्या वेळी विरेशने उलट विचारलं, "घराचे किती हप्ते राहिले तुझे?" मेहुणा म्हणाला, दरमहा पंचवीस हजार. विरेश म्हणाला, "केवढा ते नाही विचारलं. किती?" मेहुण्याने विषय बदलला, पण आठवड्याने सिद्धेश्वरीला फोन केला.

सिद्धेश्वरीकडे आता इमारतीतली माणसं बँकेची पत्रं घेऊन येतात. ती दुसऱ्या पानापासून वाचायला सुरुवात करते. २०२५ मध्ये दर उतरले तेव्हा ती स्वतः बँकेत गेली आणि लिहून देऊन आली, हप्ता कमी करू नका, मुदत कमी करा. त्या वर्षअखेर चंद्रव्वाने डब्यातून एकोणीस चिंचोके जास्तीचे काढले. ते शेजारणीला चौकाबारा खेळायला दिले.

चंद्रव्वाच्या डोळ्यांचं मोतीबिंदूचं काम झालं. ती पेठेत आता दिवसाआड जाते. त्याच डिसेंबरात सिद्धेश्वरीने कागद बघून सांगितलं, "अत्ती, मूळ कर्जातले दोन लाख त्रेचाळीस हजार फिटले. दहावा हिस्सा झाला. ह्या वेळी खरोखरचा."

चंद्रव्वाने ते तिच्याकडून दोनदा वाचून घेतलं. मग ओटा पुसला, कोरडा केला, आणि गॅसच्या शेजारी हळदकुंकवाचं बोट लावलं. नारळ मात्र फोडला नाही. तो तिने २०२४ सालीच आणून ठेवलाय, म्हणते, शेवटच्या चिंचोक्यासाठी. सिद्धेश्वरी दर पाडव्याला तो गुपचूप बदलून ताजा ठेवते.