टेकडी उतरवणारी बाई

सुगंधा खरात मंत्री झाली त्या दिवशी टीव्हीवाल्यांनी मला विचारलं, "बाईंना तुम्ही कधीपासून ओळखता?" मी म्हटलं, "नळावर माझ्याशी भांडली तेव्हापासून." त्यांना वाटलं थट्टा करतेय.

खरंच भांडली होती. आम्ही परब मालवणकडचे. गिरणी बंद पडल्यावर बाबांनी लालबाग सोडून घाटकोपरच्या सिद्धार्थ टेकडीच्या पायथ्याशी खोली घेतली. खरात बुलढाण्याकडचे, ते वर, तीनशे पायऱ्यांवर; पाण्याला मात्र खाली आमच्याच नळावर यायचे. आईवडील लवकर गेल्यामुळे सुगंधाला तिचा थोरला भाऊ कुंडलिक याने वाढवलं. तो बसवर कंडक्टर होता. सुट्टीच्या दिवशी डोक्यावरून रेती वाहून त्याने ती खोली बांधली, आणि बहिणीला शिकवलं.

ती बालवाडीत शिकवायची. टेकडीवर बायकांसाठी एकही संडास नव्हता, म्हणून एके दिवशी चाळीस बायकांना घेऊन वॉर्ड ऑफिसात जाऊन बसली. साहेब जेवायला उठले तर म्हणाली, "तुम्ही जेवून या, आम्ही इथेच आहोत." तीन दिवसांनी काम मंजूर झालं. पुढच्या निवडणुकीत वॉर्ड महिलांसाठी राखीव झाला आणि ती नगरसेविका झाली. मधे एकदा पडली, मग आमदार, मग राज्यमंत्री, आणि बावन्नाव्या वर्षी घरांच्या खात्याची मंत्री. तिचं घाटकोपरचं ऑफिस पहिल्यापासून मीच सांभाळते.

मंत्रालयात तिची एक सवय सगळ्यांना ठाऊक होती. फाइल पूर्ण वाचायची आणि कळलं नाही तिथे पेन्सिलने लिहायचं, 'म्हणजे काय?' मोठमोठे अधिकारी त्या दोन शब्दांना घाबरायचे.

एका फेब्रुवारीत सिद्धार्थ टेकडीचा अहवाल आला. वरच्या भागाची माती सुटत होती, संरक्षक भिंतीला पोट आलं होतं. दोनशे बारा घरं धोक्यात. सुगंधाने अहवाल दोनदा वाचला आणि मला म्हणाली, "जानकी, यात दादाची खोली आहे."

अहवाल लिहिणाऱ्या अभियंता श्वेता केळुसकर समोरच बसल्या होत्या. सुगंधाने विचारलं, "नवी भिंत बांधली तर?"

"तीन वर्षं लागतील, मॅडम."

"तोवर ही टिकेल?"

"टिकेलही. पण मी तिथे एक पावसाळा राहणार नाही."

पक्षातल्या लोकांनी सांगितलं, निवडणूक दीड वर्षावर आहे, नवीन भिंतीचा नारळ फोडा आणि गप्प बसा. शिवाय वीस वर्षं प्रत्येक सभेत सुगंधाच म्हणत आली होती, या टेकडीवरचं एकही घर हलणार नाही. त्यावर टाळ्या पडायच्या. मीही वाजवल्या आहेत.

ती पोलिसांशिवाय टेकडी चढली. मी मागोमाग धापा टाकत. वर सगळी वस्ती जमली होती. एक बाई ओरडली, "मतं मागायला चढलीस, आता आम्हाला उतरवायला चढलीस काय गं?"

"हो," सुगंधा म्हणाली. "एकही घर हलणार नाही, असं मीच सांगायचे. चुकीचं सांगत होते. कांजूरमार्गला इमारती तयार आहेत. पावसाळ्याआधी सगळ्यांनी चला."

मग जो गोंधळ झाला तो झाला. तिथल्या कचरा डेपोच्या वासात पाठवतेय म्हणाले. बिल्डरला विकली गेली म्हणाले. ते तिला लागलं, चेहऱ्यावर दिसलं मला. कुंडलिकदादा पाठ फिरवून निघाले. घरात गेले आणि दार लावून घेतलं.

दुसऱ्या दिवसापासून सुगंधा रोज सकाळी मंत्रालयात जाण्याआधी टेकडी चढायची आणि भावाच्या उंबऱ्याशी तासभर बसायची. फाइलीही तिथेच वाचायची. दादा तिला ओलांडून दूध आणायला जायचे. असे आठ दिवस गेले. नवव्या दिवशी चंपावहिनी चहा घेऊन बाहेर आल्या आणि हळूच म्हणाल्या, "ते ऐकत नाहीत. पण मी भांडी बांधून ठेवलीत."

आतून दादांचा आवाज आला. "तिला विचार, मंत्री म्हणून बसलीय का बहीण म्हणून?"

"मंत्री म्हणून आले असते तर पोलीस आणले असते, दादा."

मग दादा बाहेर आले. भिंतीवरून हात फिरवला, एकदा खालून वर, एकदा वरून खाली. "ही मी बांधलीय," म्हणाले.

"माहीत आहे. विटा मी मोजून द्यायचे."

"येतो मी. पण यापुढे तुझ्याशी बोलणार नाही."

कुंडलिकदादा उतरले तसे बाकीचेही उतरू लागले. मेअखेर वरची टेकडी रिकामी झाली.

पावसाळा आला. भिंत पडली नाही. पुढच्या पावसाळ्यातही पडली नाही. लोक येऊन बघायचे आणि खाली माझ्या ऑफिससमोर मुद्दाम मोठ्याने बोलायचे, "बघा, उभी आहे की!" त्या निवडणुकीत सुगंधा एकोणीसशे मतांनी पडली.

मी रडले. मालवणीत शिव्याही घातल्या. "एवढा केलस तू ह्यांच्यासाठी, गो, आणि मेल्यांनी..." तिने मला पाणी दिलं.

"जानकी, भिंत पडली असती तर मी आज निवडून आले असते. असलं निवडून येणं नको गं मला."

दुसऱ्या दिवशी सकाळी ऑफिसात कुंडलिकदादा आले. दीड वर्षाने. उभ्याउभ्याच विचारलं, "ती जेवलीय का काल?"

"नाही," मी म्हटलं.

त्यांनी पिशवीतून डबा काढून टेबलावर ठेवला. "माझं मत तिलाच होतं. बोलत नव्हतो, ते वेगळं." आणि खुर्ची ओढून तिची वाट बघत बसले.

त्यानंतर सुगंधा घरी बसली नाही. आठवड्यातून दोनदा बसने कांजूरमार्गला जायची. लिफ्टसाठी, बसच्या फेऱ्यांसाठी, दवाखान्यासाठी अर्ज करायची, पूर्वी वॉर्ड ऑफिसात करायची तसेच. शिव्या देणाऱ्या बायकाच पहिल्यांदा तिच्यासोबत निघाल्या. पुढच्या वर्षी पक्षाने तिला विधान परिषदेवर घेतलं आणि ती पुन्हा मंत्री झाली. या वेळी आरोग्य खातं.

गेल्या रविवारी आम्ही दोघी दादांकडे जेवायला गेलो होतो, सातव्या मजल्यावर. चंपावहिनींनी वांग्याचं भरीत केलं होतं. जेवण झाल्यावर सुगंधा दादांच्या पलंगावर आडवी झाली आणि चक्क घोरायला लागली. तेवढ्यात तिचा फोन वाजला. मी उठणार, तर दादांनीच उचलला आणि दाराबाहेर जाऊन दबक्या आवाजात म्हणाले,

"कोण सचिव? हां. मंत्री झोपल्यात. चारनंतर करा."